क्रीडा वाहिनीच्या फुटेज संग्रहात काम करायचं असेल तर

प्रश्न असा आहे: ग्रंथालयशास्त्राची पदवी झाली आहे, क्रिकेट-कबड्डीचं वेड आहे, थोडंफार व्हिडिओ एडिटिंग येतं, क्रीडा वाहिनीच्या आर्काइव्हमध्ये काम मिळेल का, तिथे नेमकं काय करावं लागतं आणि काय शिकून जावं?

काम मिळतं, आणि ग्रंथालयशास्त्राची बैठक असलेल्या माणसाला ते चांगलं जमतं. ते कशाचं काम आहे हे एका उदाहरणावरून लवकर समजेल. १५ नोव्हेंबर २०२३, वानखेडे, विश्वचषकाची उपांत्य फेरी. दहा दिवस आधी ईडन गार्डन्सवर विराट कोहलीने ४९वं एकदिवसीय शतक करून सचिन तेंडुलकरशी बरोबरी केली होती. पन्नासावं कोणत्याही सामन्यात होऊ शकतं, हे सगळ्यांना माहीत होतं. अशा वेळी दीड मिनिटाची चित्रमालिका आधीपासून तयार लागते. त्यात कोहलीचं पहिलं शतक हवं: २४ डिसेंबर २००९, कोलकाता, श्रीलंकेविरुद्ध १०७. तेंडुलकरचं पहिलं हवं: ९ सप्टेंबर १९९४, कोलंबो, ऑस्ट्रेलियाविरुद्ध ११०. तेंडुलकरचं ४९वंही हवं, जे त्याचं शंभरावं आंतरराष्ट्रीय शतक होतं: १६ मार्च २०१२, मिरपूर, बांगलादेशविरुद्ध ११४.

तीन क्लिप. पण २००९चा सामना भारतीय मंडळाचा, १९९४ची स्पर्धा श्रीलंकेतली, २०१२ची आशिया चषकाची, आणि चालू सामना आयसीसीचा. चार ठिकाणचे हक्क. १९९४चं चित्र ४:३ आकाराचं, एसडी दर्जाचं. ते आजच्या १६:९ एचडी पडद्यावर बसवायचं आहे. आणि शतक पूर्ण झाल्याचा क्षण, हेल्मेट काढून बॅट उंचावलेली, ग्राफिक्स नसलेला शॉट नेमका कुठल्या टेपवर, कुठल्या सेकंदाला आहे, हे कुणीतरी कधीकाळी लिहून ठेवलेलं असलं पाहिजे. चित्र शाबूत, नोंद अचूक, हक्क स्पष्ट: या तिन्ही गोष्टी जुळल्या तरच क्लिप प्रसारणात जाते, आणि तिन्हींचा निकाल मागणी येते त्या दिवशी लागत नाही. तो फुटेज संग्रहात दाखल होतं त्या दिवशीच लागलेला असतो.

आधी टेपबद्दल, कारण तिथे वेळ सगळ्यात कमी उरला आहे. दूरदर्शनचं प्रायोगिक प्रसारण १५ सप्टेंबर १९५९ला दिल्लीत सुरू झालं, मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ला, आणि रंगीत प्रसारण १९८२मध्ये, दिल्ली एशियाडच्या वर्षी. जगभरच्या टीव्ही संग्रहांत १६ मिमी फिल्म, दोन इंची आणि एक इंची रिळं, पाऊण इंची यूमॅटिक, मग बीटाकॅम एसपी, डिजिटल बीटाकॅम, डीव्हीसीप्रो, एचडीकॅम अशी उतरंड सापडते. टेप महाग होती तेव्हा तीच पुसून पुन्हा वापरायची पद्धत सर्वत्र होती, त्यामुळे मोठ्या सामन्यांचीही फक्त ठळक क्षणांची टेप उरलेली असते. जे उरलं आहे त्यातलं दुखणं असं की टेप टिकली तरी ती वाजवणारा डेक टिकत नाही. सोनीने अर्धा इंची व्हीटीआरची (व्हिडिओ टेप डेकची) विक्री मार्च २०१६मध्ये थांबवली. टेपवरचं सगळं डिजिटल करून घेण्यासाठी युनेस्को आणि ध्वनी व दृक्श्राव्य संग्रहांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०२५ ही धोक्याची सीमा सांगितली होती. ती मागे पडली. म्हणून या क्षेत्रात येणाऱ्याने जुना डेक चालवायला शिकणं ही हौस समजू नये. ज्यांना तो येतो ती पिढी निवृत्त होते आहे.

साठवणीचे आकडे पाठच असावेत. पॉलिएस्टर बेसच्या (म्हणजे मूळ पट्टी पॉलिएस्टरची असलेल्या) टेपसाठी आयएसओचं मानक तीन पर्याय देतं: २३ अंश सेल्सिअसला २० टक्के आर्द्रता, १७ अंशांना ३० टक्के, ११ अंशांना ५० टक्के. खोली जितकी उबदार, तितकी ती कोरडी असावी लागते. मुंबईच्या पावसाळ्यात बाहेरची आर्द्रता ८० टक्क्यांच्या वर राहते, त्यामुळे नुसता एसी पुरत नाही, वेगळा डिह्युमिडिफायर लागतोच. वीज वाचवायला रात्री एसी बंद केला की टेपवर ओलावा धरू शकतो. त्यापेक्षा दोन अंश जास्त पण चोवीस तास स्थिर तापमान बरं. कॅसेट उभ्या ठेवायच्या, आडव्या एकावर एक रचायच्या नाहीत, कारण रिळातली टेप एका बाजूला घसरून तिची कड दुमडते. थंड खोलीतून काढलेली कॅसेट २४ तास डब्यातच बाहेरच्या तापमानाला येऊ द्यावी, मग डेकला लावावी. संग्रह तळमजल्यावर किंवा तळघरात नको: २६ जुलै २००५ला सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिमी पाऊस पडला, आणि कागदपत्रं असोत की टेपा, तळमजल्यावर होत्या त्या भिजल्या.

टेप हातात आली की वाजवायची घाई करू नये. पहिलं काम तिला पुसली जाण्यापासून वाचवण्याचं: बीटाकॅमवरची लाल कळ आत दाबायची, यूमॅटिकच्या तळाचं लाल बटण काढून टाकायचं. मग झडप उघडून टेपची कड पाहायची आणि वास घ्यायचा. पांढरी किंवा करडी भुकटी दिसली तर ती बहुधा बुरशी. ती कॅसेट पिशवीत बंद करून वेगळ्या खोलीत ठेवायची, एन९५ मास्क लावून हाताळायची आणि साफ झाल्याशिवाय कोणत्याही डेकमध्ये घालायची नाही, नाहीतर त्या डेकमधून पुढच्या प्रत्येक कॅसेटला बुरशी लागते. फिल्मच्या डब्याला व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर आतल्या फिल्मची अॅसिटेटची पट्टी कुजू लागली आहे. तो डबा बाकीच्यांपासून बाजूला काढायचा आणि स्कॅनिंगच्या रांगेत पुढे घ्यायचा, कारण ते आम्ल शेजारच्या रिळांचंही नुकसान करतं.

टेप चालताना कर्कश आवाज करत असेल, हेडवर (टेपवरचं चित्र वाचणाऱ्या भागावर) तपकिरी चिकट थर जमत असेल, तर चुंबकीय कण धरून ठेवणारा थर ओलावा शोषून फुटला आहे. तिथेच थांबायचं. तशीच चालवली तर चित्र अक्षरशः हेडवर खरवडून निघतं. यावरचा तात्पुरता इलाज म्हणजे तापमान काटेकोर राखणाऱ्या प्रयोगशाळेच्या ओव्हनमध्ये ५० ते ५४ अंशांवर किमान ८ तास शेकणं आणि मग तितकाच वेळ सावकाश थंड करणं. काही आठवड्यांपुरती टेप चालण्याजोगी होते. तेवढ्यात कॅप्चर, म्हणजे संगणकात उतरवून घेणं, उरकायचं. घरगुती ओव्हन कधीही नाही, आणि अॅसिटेट बेसची टेप कधीही शेकायची नाही. बेस कुठला याची खात्री नसेल तर जाणकाराकडे पाठवा.

धड टेप असेल तर ती एकदा पूर्ण पुढे आणि पूर्ण मागे फिरवून ताण सारखा करून घ्यायचा. चित्रात मधेच बर्फासारखे ठिपके भरले तर हेड चोंदलं आहे. ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने भिजवलेली शॅमॉय लेदरची काडी ड्रमला (हेड बसवलेल्या फिरत्या दंडगोलाला) स्थिर टेकवायची आणि ड्रम हाताने फिरवायचा. काडी वरखाली घासली की हेडचं टोक तुटतं, आणि नवं ड्रम आता मिळत नाही. कापसाचे बोळे नकोत, त्याचे धागे अडकतात. डेकच्या मेनूत ड्रम किती तास चालला ते दिसतं; त्याची नोंदवही ठेवा आणि उत्तम स्थितीतला डेक सगळ्यात दुर्मीळ टेपांसाठी राखून ठेवा. नाजूक टेप ‘नुसती बघायला’ कधीही लावायची नाही. पहिल्याच फेरीला पूर्ण दर्जाने कॅप्चर चालू ठेवायचं, कारण दुसरी फेरी मिळेलच असं नसतं.

कॅप्चरपूर्वी टेपच्या सुरुवातीचे कलर बार (रंगांच्या प्रमाण पट्ट्या) आणि १ किलोहर्ट्झचा टोन पाहून पातळ्या लावायच्या: पॅलमध्ये (भारतातल्या अॅनालॉग टीव्हीच्या पद्धतीत) काळ्या पातळीपासून पांढऱ्यापर्यंत ०.७ व्होल्ट. बार ७५ टक्क्यांचे आहेत की १०० टक्क्यांचे हे आधी ओळखा, नाहीतर सबंध सामन्याचा रंग भडक किंवा मळका होतो. बार नसतील तर पांढऱ्या कपड्यांवर आणि साइटस्क्रीनवर भरवसा ठेवून लावावं लागतं. कसोटीच्या टेपांत ही सोय असते, रंगीत कपड्यांच्या सामन्यात नसते. अॅनालॉग टेपला टाइम बेस करेक्टर (ओळींची वेळ जुळवणारं यंत्र) हवाच, नाहीतर उभ्या रेषा थरथरतात, यष्ट्या वाकड्या दिसतात. जुना टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ सांगणारा आकडा) कधी आवाजाच्या पट्टीत असतो, कधी चित्राच्या वरच्या न दिसणाऱ्या ओळींत. ७२० बाय ५७६चं चित्र कापून घेतलं की तो दुसरा टाइमकोड कायमचा जातो, म्हणून कॅप्चर करतानाच वाचून घ्यावा. जुन्या हस्तलिखित लॉगशीट त्यावरच बेतलेल्या असतात. तो गेला तर त्या निरुपयोगी होतात.

मूळ प्रत दहा बिट अनकॉम्प्रेस्ड घेतली तर एसडीला तासाला सुमारे १०० जीबी लागतात. एफएफव्ही१ या बिनऱ्हासाच्या कोडेकमध्ये (चित्र दाबून साठवण्याच्या पद्धतीत) ती जागा साधारण निम्म्यावर येते आणि दर्जा तसूभरही जात नाही. शिवाय प्रत्येक फ्रेमच्या आतच तपासणीचा आकडा असल्याने पुढे बिघाड झाला तर नेमकी कुठली फ्रेम गेली हे कळतं. बऱ्याच वाहिन्या मात्र ५० मेगाबिटच्या आयएमएक्स या जास्त दाबलेल्या स्वरूपात घेतात, म्हणजे तासाला साडेबावीस जीबी. रोजच्या वापराला ते चालतं, पण टेप मरणाच्या दारात असेल तर त्यात काटकसर करू नये. एका तासाच्या टेपला सफाई, जुळणी, कॅप्चर आणि तपासणी धरून दोन ते तीन तास मनुष्यबळ लागतं. हा हिशेब वरिष्ठांसमोर आधीच ठेवा, नाहीतर ‘हजार तास आहेत, म्हणजे हजार तासांत होईल’ असं गृहीत धरलं जातं.

इथे एक चूक फार वेळा दिसते. एसडी पॅल चित्र इंटरलेस्ड असतं: सेकंदाला २५ फ्रेम, पण ५० फील्ड, म्हणजे एकाआड एक ओळींची अर्धी चित्रं. कॅप्चर करताना किंवा नंतर ते २५ प्रोग्रेसिव्ह (सगळ्या ओळी एकदम असलेल्या पूर्ण फ्रेम) केलं की निम्मी हालचाल फेकली जाते, आणि वेगवान गोलंदाजाचा चेंडू उडी मारत गेल्यासारखा दिसतो. मूळ प्रत इंटरलेस्डच ठेवा. एचडीसाठी द्यायची असेल तर आधी ५० प्रोग्रेसिव्ह करा, मग १४४० बाय १०८० पर्यंत वाढवा, दोन्ही बाजूंना काळे पट्टे ठेवा आणि शेवटी पुन्हा इंटरलेस करा. फील्डचा क्रमही तपासा: डीव्हीमध्ये खालचं फील्ड आधी, बाकी बहुतेक ६२५ ओळींच्या स्वरूपांत वरचं आधी. उलटा लागला की चेंडू एक पाऊल पुढे, अर्धं मागे असा थरथरतो. आणि ४:३ चित्र ताणून १६:९ करू नका. गावसकरांना रुंद करून दाखवणं हा त्यांच्यावरही अन्याय आहे आणि प्रेक्षकावरही.

फाइल तयार झाली की कॅप्चरच्या यंत्रावरच तिचा चेकसम (फाइलवरून निघणारा पडताळणीचा आकडा) काढायचा, कुठेही कॉपी करण्याआधी. प्रत्येक कॉपीनंतर तो पडताळायचा. तीन प्रती, दोन वेगळ्या माध्यमांवर, एक दुसऱ्या इमारतीत. मोठे संग्रह एलटीओ या संगणकाच्या डेटा टेपवर असतात: एलटीओ-८ मध्ये १२ टीबी, एलटीओ-९ मध्ये १८ टीबी. आजच्या ५० मेगाबिटच्या एचडीत एक कसोटी, फक्त मुख्य फीड, दीड टीबीच्या आत बसते, पण क्लीन फीड (ग्राफिक्स नसलेलं चित्र) आणि वेगळे कॅमेरे धरले की ती काही पट होते. एलटीओ-७पर्यंतचे ड्राइव्ह दोन पिढ्या मागचं वाचत. एलटीओ-८ फक्त ८ आणि ७ वाचतो, ९ फक्त ९ आणि ८. म्हणजे एलटीओ-५ आणि ६वर ठेवलेलं फुटेज नव्या ड्राइव्हला दिसणारच नाही. त्याचं स्थलांतर अंदाजपत्रकात धरलं नसेल तर आजची डिजिटल प्रतही उद्याची यूमॅटिक होते.

आता लॉगिंग, म्हणजे कुठल्या सेकंदाला काय आहे याची नोंद. इथे सगळ्यांत जास्त माणसं लागतात आणि नव्याला पहिलं काम इथेच मिळतं. कसोटीच्या दिवसाला ९० षटकं, म्हणजे किमान ५४० चेंडू. धावा, बळी, गोलंदाज, फलंदाज ही माहिती आता स्कोअरिंगच्या डेटातून आपोआप येते आणि दिवसाच्या घड्याळाप्रमाणे चालणाऱ्या टाइमकोडला जोडली जाते. पण स्कोअरर बटण चेंडू संपल्यावर दाबतो, म्हणून क्लिपची सुरुवात मागे ओढावी लागते: वेगवान गोलंदाजाला सुमारे दहा सेकंद, फिरकीला पाच. ही दुरुस्ती न केल्यास शोधात सापडणारी प्रत्येक क्लिप चेंडू पोचल्यानंतर सुरू होते.

डेटाला जे दिसत नाही ते माणसाने लिहायचं. बळी गेल्यावर कर्णधाराचा चेहरा, ड्रेसिंग रूमच्या बाल्कनीतली हालचाल, प्रेक्षकांतले कुटुंबीय, दुखापतीनंतर लंगडत घेतलेली धाव, संध्याकाळच्या लांब सावल्या, पावसात कव्हर ओढणारे मैदान-कर्मचारी. दहा वर्षांनी निर्माता ‘चौकार दाखवा’ असं क्वचित म्हणतो. तो म्हणतो, ‘एकटा बसलेला, खाली मान घातलेला द्रविड हवा.’ त्याला उत्तर देणारी नोंद अशी दिसते: ‘१४:३२:१०–१४:३२:२४, क्लीन, बाल्कनी, फलंदाज पॅड काढून एकटा, मान खाली, मध्यम जवळचा शॉट, आवाज फक्त मैदानाचा, दर्जा ४/५.’ किती सेकंद, ग्राफिक्स आहेत की नाहीत, कॅमेरा कुठला, आवाजात समालोचन मिसळलं आहे की वेगळं: हे चार रकाने कधीही रिकामे सोडू नका. ‘छान शॉट’ ही नोंद कुणालाच उपयोगी पडत नाही.

कबड्डीचं लॉगिंग वेगळं चालतं. तिथे एकक म्हणजे चढाई, ३० सेकंदांची. चढाईचा क्रमांक, चढाईपटू, बोनस, करा-किंवा-मरा चढाई, तीन किंवा कमी बचावपटूंनी केलेली सुपर टॅकल, तीन किंवा जास्त गुणांची सुपर रेड. पण पकड कुठली होती, घोट्याची, मांडीची की कमरेची, हे डेटात अनेकदा अर्धवट असतं, आणि प्रशिक्षकांच्या कार्यक्रमाला नेमकं तेच लागतं. मराठी मुलांना खेळाची परिभाषा लहानपणापासून ठाऊक असते. या खेळाच्या लॉगिंगमध्ये त्याचा खरा फायदा होतो.

नावांची शिस्त तुमच्या ग्रंथालयशास्त्राच्या अभ्यासातून आलेली असेल, तीच इथे लागते. एकाच खेळाडूच्या नावाची तीन स्पेलिंग, एकाच आडनावाचे दोन खेळाडू, शिवाय बदललेली शहरं आणि मैदानं. फिरोजशहा कोटला २०१९पासून अरुण जेटली स्टेडियम झालं, मोटेरा २०२१पासून नरेंद्र मोदी स्टेडियम. जुन्या कॅसेटवर नुसतं ‘बॉम्बे टेस्ट’ लिहिलेलं असतं. १९३३ची असेल तर ती बॉम्बे जिमखान्यावरची, १९४८ ते १९७३ दरम्यानची असेल तर ब्रेबॉर्नवरची, जानेवारी १९७५नंतरची वानखेडेवरची. आणि तरी डिसेंबर २००९ची श्रीलंकेविरुद्धची पुन्हा ब्रेबॉर्नवरची, सेहवागच्या २९३ धावांची. म्हणून प्रत्येक खेळाडूला, मैदानाला आणि सामन्याला न बदलणारा क्रमांक द्यायचा आणि नावं त्या क्रमांकाखाली पर्याय म्हणून ठेवायची. लेबलवर विश्वास ठेवायचा नाही: डबा एकाचा, कॅसेट दुसऱ्याची असं सर्रास असतं. सुरुवात, मध्य आणि शेवट पाहून, पडद्यावरचा धावफलक छापील स्कोअरकार्डशी जुळवूनच नोंद पक्की करायची.

चेहरा ओळखणारी आणि बोलणं लिहून घेणारी सॉफ्टवेअर आता वापरात आहेत. पहिल्या चाळणीला ती उपयोगी पडतात. हेल्मेटखालचा फलंदाज आणि पांढऱ्या कपड्यांतले अकरा क्षेत्ररक्षक यांत ती चुकतात, आणि हिंदी-मराठी समालोचनातली परदेशी नावं विचित्र लिहितात. त्यांची नोंद ‘यंत्राची, न तपासलेली’ अशी खूण करूनच साठवा, नाहीतर चूक आणि खात्री एकाच रकान्यात मिसळतात.

काय अस्तित्वात नाही हेही पाठ असावं लागतं. १८ जून १९८३, टनब्रिज वेल्स, झिम्बाब्वेविरुद्ध कपिल देव नाबाद १७५. या खेळीचं दूरचित्रवाणी चित्रण नाही. तरीही दर विश्वचषकाला कुणीतरी ते मागतंच. उत्तर लगेच देता आलं पाहिजे, आणि सोबत पर्यायही: छायाचित्रं, धावपत्रक, खेळाडूंच्या नंतरच्या मुलाखती. त्याही आधीच्या खेळांसाठी फिल्म्स डिव्हिजनचे वृत्तपट, पाथे आणि मूव्हीटोनची न्यूजरील, आणि पुण्याचं १९६४ साली स्थापन झालेलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय अशा जागा धुंडाळाव्या लागतात. फिल्म्स डिव्हिजन आणि संग्रहालय हे दोन्ही २०२२मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाले, त्यामुळे पत्रव्यवहार आता तिकडे. खाशाबा जाधवांच्या १९५२च्या हेलसिंकी ऑलिंपिकशी संबंधित काहीही हवं असेल तर अर्ज लोझानला आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीकडे जातो, कारण ऑलिंपिकच्या चित्रणाचे हक्क ती स्वतःकडे ठेवते.

मागणी आली की फुटेज शोधायला धावण्याआधी विचारायचे प्रश्न ठरलेले आहेत. कार्यक्रम कुठला? टीव्ही, ॲप, सोशल मीडिया यांपैकी कुठे? कोणत्या देशांत, किती काळ, किती वेळा? बातमी, माहितीपट की जाहिरात? किती सेकंद? कधीपर्यंत? जाहिरात असेल तर सामन्याच्या हक्काखेरीज खेळाडूची स्वतंत्र संमती लागते, आणि हे शेवटच्या दिवशी कळलं तर काम थांबतं. मग वॉटरमार्क आणि टाइमकोड छापलेली हलकी प्रत पाठवायची, त्यांनी इन-आउट (कुठून कुठपर्यंत हवं ते) कळवायचे, दर मान्य झाल्यावर मूळ दर्जाची क्लिप दोन्ही टोकांना काही सेकंद जास्त ठेवून द्यायची. दर बहुतेक ठिकाणी सेकंदावर असतो, पण किमान आकारणी ठरलेली असते. पाच सेकंद वापरले तरी ३० किंवा ६० सेकंदांचे पैसे लागू शकतात. हे निर्मात्याला आधी सांगा. प्रसारणानंतर प्रत्यक्ष किती सेकंद वापरले याचा तक्ता मागून घ्या.

शक्य तिथे क्लीन फीडच द्या. डर्टी फीडवर, म्हणजे ग्राफिक्ससकटच्या चित्रावर, जुन्या प्रायोजकाचं चिन्ह असतं आणि रिप्लेच्या आधी-नंतर त्याच्या लोगोची पडद्यावरून झटकन सरकणारी वाइप असते; नव्या प्रायोजकाच्या कार्यक्रमात ती राहिली की तक्रार येते. १९९६चा विश्वचषक विल्सच्या नावाचा होता, सीमारेषेवरच्या फलकांवरही तंबाखूच्या ब्रँडची नावं दिसतात. २००३च्या कायद्याने तंबाखूच्या जाहिरातींवर बंदी आली, त्यामुळे असं फुटेज पुन्हा दाखवण्याआधी कायदा विभागाला दाखवणं हा रिवाज पाळावा. लॉगमध्येच ‘तंबाखू फलक दिसतो’ असा रकाना असेल तर ते काम मिनिटांत होतं.

हक्कांचा भाग नवे लोक कंटाळवाणा समजतात, पण बढती बहुधा यातूनच मिळते. कॉपीराइट कायदा १९५७च्या कलम ३७प्रमाणे प्रसारकाचा प्रसारणावरचा हक्क २५ वर्षं टिकतो, पुढच्या कॅलेंडर वर्षापासून मोजून. त्यावरून कुणी म्हणतं की १९९८च्या शारजातल्या सामन्यांचं फुटेज आता सगळ्यांना खुलं आहे. तसं नाही: व्हिडिओ रेकॉर्डिंग कायद्याच्या दृष्टीने चित्रपटातच मोडतं, आणि चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनापासून ६० वर्षांचा असतो. चालू घडामोडींच्या वार्तांकनासाठी उतारा वापरायची सवलत कायद्यात आहे, पण तिची व्याप्ती किती यावर क्रीडा वाहिन्या आणि वृत्तवाहिन्या यांच्यात दिल्ली उच्च न्यायालयात २००८ साली वाद झालेला आहे. अर्धा तासाचा विशेष कार्यक्रम बातमी म्हणून खपवता येत नाही.

भारतातल्या क्रिकेटपुरतं बोलायचं तर १९९३ हे वर्ष लक्षात ठेवा. हीरो कपच्या प्रसारणावरून मंडळं आणि दूरदर्शन यांच्यात वाद झाला, आणि ९ फेब्रुवारी १९९५ला सर्वोच्च न्यायालयाने प्रसारणाच्या रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचा निकाल दिला. १९९३आधीच्या घरच्या सामन्यांसाठी पहिली चौकशी दूरदर्शनकडे. नंतरचे हक्क करारागणिक फिरत गेले. मंडळाच्या घरच्या सामन्यांपुरतं २००६ ते २०११ निंबस, २०१२पासून स्टार, २०२३मध्ये व्हायाकॉम१८, जी २०२४मध्ये स्टारशी विलीन झाली. सामना कुणी दाखवला आणि आज फुटेजचा मालक कोण, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. प्रत्येक सामन्याच्या नोंदीत आयोजक, निर्मिती संस्था, मूळ प्रसारक आणि सध्याचा हक्कधारक असे चार वेगळे रकाने ठेवा, आणि कराराची तारीख व कलम क्रमांकही तिथेच लिहा. तालमींत आणि क्रीडा मंडळांत कुस्तीच्या जुन्या व्हीएचएस कॅसेट पडून आहेत. त्या मौल्यवान आहेत, जरूर डिजिटल कराव्यात. पण कॅसेटचा मालक हा चित्रणाचा मालक असतोच असं नाही. त्याच्याशी कागद करताना ही ओळ स्पष्ट लिहावी.

प्रवेशाचे रस्ते: सामन्यागणिक कंत्राटावर लॉगर, इन्जेस्ट ऑपरेटर (येणारं फुटेज यंत्रणेत दाखल करणारा), मीडिया लायब्ररी सहाय्यक. तिथून पुढे आर्काइव्ह प्रोड्यूसर किंवा हक्क आणि परवानग्यांचा विभाग. मुंबईत खासगी क्रीडा वाहिन्या आणि निर्मिती संस्था आहेत, भारतीय क्रिकेट मंडळाचं मुख्यालय वानखेडेवरच आहे; डीडी स्पोर्ट्स दिल्लीत. पाळ्या सामन्यांप्रमाणे पडतात, म्हणजे ऑस्ट्रेलिया दौऱ्यात पहाटे आणि वेस्ट इंडिज दौऱ्यात रात्रभर. पदवीनंतर फिल्म हेरिटेज फाउंडेशनच्या जतन कार्यशाळा कराव्यात, त्या २०१५पासून होत आल्या आहेत; फिल्म हाताळायला तिथे प्रत्यक्ष मिळते. घरी शिकण्यासारखं: एफएफएमपेग आणि मीडियाइन्फो (व्हिडिओ फाइल बदलायची आणि तपासायची सॉफ्टवेअर), स्प्रेडशीटमध्ये टाइमकोडची बेरीज-वजाबाकी, डेटाबेसमध्ये शोध घ्यायच्या एसक्यूएल भाषेचं प्राथमिक ज्ञान, आणि स्कोअरकार्ड वाचून डाव डोळ्यांसमोर उभा करण्याची सवय.

मुलाखतीला रिकाम्या हाताने जाऊ नका. गावातल्या एखाद्या स्पर्धेचा कबड्डी किंवा क्रिकेट सामना आयोजकांची लेखी परवानगी घेऊन स्वतः चित्रित करा, फोनवर केला तरी चालेल. फाइलचा चेकसम काढा, दोन प्रती करा, पडताळा. मग संपूर्ण सामना लॉग करा: प्रत्येक चढाई किंवा चेंडू, शिवाय किमान तीस नोंदी खेळाबाहेरच्या, चेहरे, बाक, पंच, प्रेक्षक. आठवड्याने मित्राला सांगा की त्याने सामना न बघता पाच मागण्या द्याव्यात: ‘पंचाशी हुज्जत’, ‘जिंकल्यावर रडणारा खेळाडू’, ‘मैदानाचं लांबून दृश्य, दहा सेकंद, आवाजात कुणाचं बोलणं नको’. फक्त तुमचा लॉग वापरून प्रत्येक क्लिप दोन मिनिटांत काढता येते का पाहा. जी सापडली नाही तिच्यासाठी लॉगमध्ये कुठला रकाना कमी पडला ते शोधा आणि तो वाढवा. तो तक्ता आणि परवानगीचं पत्र छापून सोबत न्या.